शिरुईची लिली

मणिपूरची राजधानी इम्फाळ हे शहर एका विस्तीर्ण खोऱ्यात वसलेले आहे. चहूंकडे डोंगरांच्या रांगा आणि मध्ये भातशेतीने हिरवीगार झालेली सपाट भूमी, असे त्या खोऱ्याचे रूप आहे. इम्फाळहून ईशान्येस निघालेला रस्ता वळणे घेत घेत डोंगर चढू लागतो आणि सुमारे ८० किलोमीटरांवर उखरुल या गावी पोहोचतो. उखरुलच्या पूर्वेस तांगखुल नागा लोकांचे शिरुई हे लहानसे खेडे आहे. त्या खेड्याच्या माथ्यावर शिरुई नावाचाच डोंगर उभा आहे. त्याची उंची सुमारे २,८३५ मीटर आहे. म्हणजे महाराष्ट्रातील सर्वांत उंच शिखर जे कळसूबाई, त्याहूनही तो जवळजवळ १,२०० मीटर अधिक उंच आहे.

गावापासून वर जाणारी पाऊलवाट प्रथम दाट झाडीतून जाते. पुढे झाडी विरळ होते, वारा अंगाला झोंबू लागतो आणि माथ्याजवळ गवताचे मोकळे उतार लागतात. वैशाख-ज्येष्ठात आपल्याकडे जमीन तापून भेगाळलेली असते, त्या दिवसांत या उतारांवर ढग उतरलेले असतात. ढग क्षणभर बाजूला झाला, की गवतात ठिकठिकाणी हात-दीड हात उंचीची झाडे दिसतात आणि त्यांच्या शेंड्यांना खाली वाकलेल्या फिकट गुलाबी घंटा लोंबताना दिसतात. हीच शिरुईची लिली. मणिपूर राज्याने तिला आपले राज्यपुष्प मानले आहे.

‘लिली’ हे नाव आपल्या परिचयाचे असले, तरी ते फसवे आहे. पहिला पाऊस पडताच अंगणात उमलणाऱ्या पांढऱ्या व गुलाबी फुलांना आपण लिली म्हणतो. तळ्यातल्या कुमुदालाही इंग्रजीत लिलीच म्हणतात. परंतु वनस्पतिशास्त्राच्या दृष्टीने यांतील एकही खरी लिली नव्हे. पावसाळ्यात कुंपणांवर चढून आगीच्या ज्वाळांसारखी फुलणारी आपली कळलावी पूर्वी लिलीच्या कुळात गणली जात असे. इतकेच नव्हे, तर कांदा, लसूण आणि कोरफड यांनाही जुने शास्त्रज्ञ त्याच कुळात बसवीत. पुढे अधिक बारकाईने अभ्यास झाल्यावर ही सर्व मंडळी वेगवेगळ्या कुळांत गेली. शिरुईची लिली मात्र खऱ्या लिलींच्या कुळातलीच आहे.

तिचे फूल हातात न घेता, नुसते वाकून पाहिले तरी पुष्कळ गोष्टी कळतात. त्याला सहा पाकळ्या दिसतात. नीट पाहिले म्हणजे तीन बाहेरच्या आणि तीन आतल्या, असा त्यांचा क्रम ध्यानात येतो. पाकळ्यांवर बाहेरून गुलाबी-जांभळट झाक असते. आतून त्या फिकट, जवळजवळ पांढऱ्या असतात. आत सहा पुंकेसर आणि मधोमध एक स्त्रीकेसर असतो. एका दांड्यावर कधी एकच, तर कधी सहासातही फुले येतात. सूक्ष्मदर्शकाखाली पाहिल्यास या पाकळीत सात रंग दिसतात, असे लोक कौतुकाने सांगतात. ते सात आहेत की पाच, हे मोजण्याच्या भरीस न पडलेले बरे. कारण त्यासाठी प्रथम फूल तोडावे लागते.

फूल खाली तोंड करून का लोंबते, याचेही कारण आहे. या डोंगरावर फुलांचा हंगाम आणि पावसाचा हंगाम जवळजवळ एकच असतो. फूल वर तोंड करून उमलले असते, तर पेला भरावा तसे ते पावसाने भरले असते आणि परागकण भिजून वाया गेले असते. घंटा उपडी असल्यामुळे पाणी पाठीवरून ओघळून जाते व आतले केसर कोरडे राहतात. पुढे फूल गळून त्याचे बोंड धरते, तेव्हा मात्र हेच झाड आपली मान ताठ करते. बोंड वर तोंड करून उभे राहते. त्याला तीन कप्पे असतात आणि प्रत्येक कप्प्यात पातळ, चपट्या बिया नाण्यांच्या चळतीप्रमाणे एकावर एक रचलेल्या असतात. पाऊस संपून कोरडी हवा सुटली, म्हणजे बोंड वरून उकलते. वारा दांडा हलवील तेव्हा थोड्या थोड्या बिया बाहेर उडतात. बोंड खाली वाकलेले असते, तर सगळ्या बिया एकाच दिवशी एकाच जागी सांडल्या असत्या.

तांगखुल लोकांना हे फूल फार पूर्वीपासून ठाऊक आहे. त्यांच्या भाषेत त्याला ‘काशोंग तिमरावोन’ म्हणतात. फिलावा ही शिरुईच्या डोंगरांचे रक्षण करणारी देवता असून तिमरावोन ही तिची कन्या, अशी तेथील कथा आहे; तिच्याच नावाने हे फूल ओळखले जाते. डोंगरावर देवतेचे राहणे असले, की त्यावरचे फूल ओरबाडून नेण्यास माणसाचा हात सहसा धजत नाही. आपल्याकडील देवराया ज्या भावनेमुळे टिकून राहिल्या, तीच ही भावना.

बाहेरच्या जगाला या फुलाची ओळख झाली ती मात्र एका योगायोगाने, आणि तीही युद्धाच्या निमित्ताने. दुसऱ्या महायुद्धात अमेरिकेची विमाने आसामातून उड्डाण करून हिमालयाच्या पूर्वेकडील डोंगरांवरून चीनला युद्धसामग्री पोहोचवीत असत. त्या वाटेवर हवामान इतके बेभरवशाचे, की कित्येक विमाने डोंगरांत कोसळली. १९४५ साली युद्ध संपल्यावर त्यांचा शोध घेण्याचे काम ज्यांच्याकडे सोपवले गेले, त्यांत फ्रँक किंग्डन-वॉर्ड हे एक इंग्रज गृहस्थ होते. हे काही सैनिक नव्हते. नव्या वनस्पतींचा शोध घेत तिबेट, चीन आणि ब्रह्मदेश यांच्या सरहद्दीवरील डोंगर त्यांनी आयुष्यभर पालथे घातले होते. त्या दुर्गम प्रदेशाची माहिती असलेली माणसे त्या वेळी फार थोडी होती. १९४६ साली ते मणिपुरात आले, तेव्हा त्यांची साठी उलटली होती.

विमाने शोधणाऱ्या या माणसाची नजर मात्र झाडांवरून हटत नव्हती. शिरुईच्या उतारावर त्यांना एक अनोळखी झाड दिसले. फुलांचा हंगाम केव्हाच संपला होता. वाळक्या दांड्यांवर सुकलेली बोंडे तेवढी उभी होती. तेवढ्यावरून हे झाड लिलीच्या जवळचे आहे, इतके त्यांनी ओळखले. त्याचे कंद खणून न नेता त्यांनी त्याच्या बिया गोळा केल्या आणि इंग्लंडला पाठवल्या. ही गोष्ट वाटते तितकी किरकोळ नाही, हे पुढे दिसून येईल.

त्या बियांपासून इंग्लंडमध्ये रोपे झाली, त्यांना फुले आली आणि १९४८ साली लंडनच्या रॉयल हॉर्टिकल्चरल सोसायटीच्या प्रदर्शनात या लिलीला गुणवत्तेचा पुरस्कार मिळाला. त्याच वर्षी किंग्डन-वॉर्ड पुन्हा उखरुलला आले. या वेळी त्यांच्याबरोबर त्यांच्या पत्नी जीन मॅकलिन याही होत्या. जीन यांचे वडील सर अल्बर्ट मॅकलिन हे मुंबईच्या उच्च न्यायालयात न्यायाधीश होते. पतीच्या डोंगरांतील मुक्कामांत आणि वनस्पती गोळा करण्याच्या कामात त्यांचा बरोबरीचा वाटा होता. १९४९ साली सीली या वनस्पतिशास्त्रज्ञांनी या लिलीचे शास्त्रीय वर्णन प्रसिद्ध केले, तेव्हा जीन यांच्या माहेरच्या आडनावावरून तिला ‘लिलियम मॅकलिनिए’ असे नाव मिळाले. मणिपुरातील त्या वास्तव्याची हकीकत किंग्डन-वॉर्ड यांनी पुढे पुस्तकरूपानेही लिहिली.

किंग्डन-वॉर्ड यांनी या फुलाचा ‘शोध लावला’, असे पुष्कळ ठिकाणी लिहिलेले आढळते. शास्त्राच्या नोंदवहीपुरते ते बरोबर आहे. कारण जगातील सर्व शास्त्रज्ञांना एका नावाने ओळखता यावे, यासाठी अशी नोंद व्हावीच लागते. पण शिरुई गावातील ज्या गुराख्याने आपल्या आजोबांकडून तिमरावोनची कथा ऐकली होती, त्याच्या दृष्टीने यात शोधण्यासारखे काही उरलेलेच नव्हते.

या लिलीविषयी एक गोष्ट नेहमी सांगितली जाते. ती म्हणे जगात शिरुईखेरीज कोठेही वाढत नाही. डोंगरावरून खाली आणली, की ती मरते. ही समजूत अर्धी खरी आहे. तिचे मूळ घर शिरुईचा माथा हेच आहे, आणि डोंगरावरून उपटून इम्फाळच्या खोऱ्यातील बागेत लावलेली झाडे जगत नाहीत, हेही खरे आहे. परंतु हजारो किलोमीटर दूर असलेल्या स्कॉटलंड देशातील बागांत हीच लिली आनंदाने फुलते. शिरुईच्या पायथ्याशी असलेल्या मुलखात जी जगत नाही, ती सातासमुद्रापलीकडे कशी जगते?

याचे उत्तर उंचीत आहे. वाईहून पसरणीचा घाट चढून महाबळेश्वरला जाणाऱ्या माणसास वाटेतच गारवा जाणवू लागतो. साधारणतः दर हजार मीटर वर गेले, की हवेचे तापमान सहा-साडेसहा अंशांनी उतरते. इम्फाळचे खोरे समुद्रसपाटीपासून पावणेआठशे मीटरांच्या आसपास आहे. लिलीचे उतार अडीच हजार मीटरांच्या आसपास आहेत. म्हणजे खोऱ्यात दुपारी ३० अंश तापमान असेल, तेव्हा लिलीच्या उतारावर ते १९ अंशांच्या आसपास असणार. नकाशावर इम्फाळ आणि शिरुई एकमेकांना चिकटलेली दिसली, तरी झाडाच्या दृष्टीने ते दोन वेगळे देश आहेत. उलट स्कॉटलंड हा उत्तरेकडील देश आहे. तेथे भर उन्हाळ्यातही दुपारचे तापमान बहुधा २० अंशांच्या आसपास राहते, आकाश ढगाळ असते आणि पावसाची भुरभुर वर्षभर चालू असते. शिरुईला जे उंचीमुळे मिळाले, ते स्कॉटलंडला उत्तरेकडे असल्यामुळे मिळाले आहे. झाडाला नकाशा कळत नाही. त्याला गारवा, ओल, उजेड आणि पाण्याचा निचरा होणारी भुसभुशीत माती, एवढेच कळते.

पण एवढ्याने कोड्याचा अर्धाच उलगडा होतो. स्कॉटलंडमधील झाडे बियांपासून वाढलेली आहेत. खोऱ्यात मरणारी झाडे मात्र फुलासकट उपटून नेलेली असतात. हा फरक समजण्यासाठी जमिनीखाली डोकावले पाहिजे. लिलीच्या बुडाशी कंद असतो. कांदा उभा चिरला, तर एकात एक गुरफटलेले पापुद्रे दिसतात आणि बाहेरून सुक्या सालीचे वेष्टन असते. लिलीच्या कंदाला असे वेष्टन नसते. जाड, मांसल खवले एकमेकांना सैलसर चिकटून तो बनलेला असतो. त्यामुळे तो चटकन दुखावतो, आणि उघड्यावर राहिला तर लवकर सुकतो. हिवाळ्यात जमिनीवर झाडाचे काही दिसत नाही, तेव्हा सारे झाड या कंदातच झोपलेले असते. वसंतात त्यातील साठवलेल्या अन्नावर दांडा, पाने आणि कळ्या वाढतात. म्हणजे फूल उमलते त्या वेळी कंदाची कोठी जवळजवळ रिकामी झालेली असते. पुढे सबंध पावसाळाभर हिरवी पाने अन्न तयार करून ती पुन्हा भरतात. जो माणूस फुलावर भाळून त्याच वेळी झाड उपटतो, तो वर्षातील नेमका सर्वांत वाईट दिवस निवडतो. कोठी रिकामी, मुळे तुटलेली, खवले उघडे पडलेले आणि वर खोऱ्यातील उष्मा! असे झाड जगले, तरच नवल.

झाड न उपटता नुसते फूल खुडले, तर तितके नुकसान होत नाही, असे कोणास वाटेल. पण फुलाबरोबर बहुधा पानांसह दांडाही तोडला जातो, आणि मग कोठी भरणार कोण? शिवाय फूल गेले म्हणजे बोंड गेले. बोंडाबरोबर बियांच्या सगळ्या चळती गेल्या. बी रुजल्यावर प्रथम गवताच्या पात्यासारखे एखादे बारीक पान वर येते आणि जमिनीत वाटाण्याएवढा कंद धरतो. पहिले फूल येण्यास बागेत काळजी घेऊनही साधारणतः दोन-तीन वर्षे लागतात. वाऱ्यापावसात, गवताच्या गर्दीत वाढणाऱ्या रोपाला त्याहून अधिक लागणे साहजिक आहे. तोपर्यंत ते गवतापासून ओळखूही येत नाही. फुले पाहण्यासाठी वाट सोडून उतारावर शिरणाऱ्या माणसाच्या पायाखाली अशी किती रोपे चिरडली जात असतील, हे त्याला कळण्याचा काहीच मार्ग नसतो.

शिरुईचा डोंगर १९८२ साली राष्ट्रीय उद्यान म्हणून घोषित झाला. २०१७ सालापासून मणिपूर शासनाने शिरुई लिलीच्या नावाने उत्सव भरवण्यास प्रारंभ केला. त्यामुळे या दूरच्या डोंगराचे नाव देशभर पोहोचले आणि गावकऱ्यांना चार पैसे मिळू लागले. पण उत्सवाच्या दिवसांत गर्दी वाढते आणि गर्दीबरोबर कचराही डोंगर चढतो. गावातील तरुण कचरा गोळा करतात आणि फूल तोडू पाहणाऱ्यास अडवतात. साताऱ्याजवळील कासच्या पठारावर फुलांच्या हंगामात रोज किती माणसे सोडावीत, याची मर्यादा घालावी लागली. शिरुईपुढेही आता तोच प्रश्न आहे.

माणसाखेरीज आणखी एक शत्रू डोंगरावर हळूहळू पसरत आहे. तो म्हणजे ठेंगणा रानबांबू. उंच बांबूसारखा तो डौलदार नसतो. कमरेएवढा किंवा थोडा अधिक वाढतो. पण त्याची मुळे जमिनीत आडवी धावतात आणि पाहता पाहता त्याचे दाट जाळे तयार होते. लिलीला मोकळा उजेड लागतो. बांबूच्या गचपणात तिचे बी पडले, तर ते मातीपर्यंत पोहोचत नाही. पोहोचून रुजले, तर कोवळ्या पानाला ऊन मिळत नाही. त्यातच हवा अधिक उष्ण होत गेली, तर लिलीला गारव्यासाठी आणखी वर सरकावे लागेल. परंतु ती आधीच माथ्याजवळ राहते. तिच्या वर डोंगर फारसा उरलेलाच नाही.

मणिपुरातील प्रयोगशाळांत कंदाच्या लहानशा तुकड्यापासून काचेच्या बाटलीत रोपे तयार करण्यात शास्त्रज्ञांना यश आले आहे. डोंगरावरचे एकही झाड न उपटता अनेक रोपे मिळवण्याचा हा मार्ग आहे. अवघड काम पुढचे आहे. बाटलीत ऊबदार, निर्जंतुक हवेत वाढलेल्या त्या नाजूक रोपाला डोंगरावरचा वारा, धुके आणि थंडी सोसावी लागते, आणि गवतात आपली जागा धरावी लागते. तेवढे साधले, तरच ती शिरुईची लिली.

पावसाळा संपला, की शिरुईवर येणारी माणसे थांबतात. फुलांचा मागमूस नसतो. गवत पिवळे पडत जाते. वाळलेल्या दांड्यांवर बोंडे तेवढी ताठ उभी असतात, आणि एखाद्या कोरड्या दुपारी वारा सुटला, म्हणजे त्यांतून पातळ, तपकिरी बिया एकेक करून उतारावर उडत जातात.